युद्धपटांतली बेटं ओसाड कशी?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवार पुरवणीत पॅसिफिक महासागरातल्या अमेरिका-जपान युद्धावरच्या चित्रपटांचा आढावा वाचला. एरवी दुसरं महायुद्ध म्हटलं की आपल्याकडे हिटलर, नॉर्मंडी आणि स्टालिनग्राडच्या पुढे कोणी जात नाही, त्यामुळे विषय पाहूनच बरं वाटलं. लेखकाचं म्हणणं थोडक्यात असं: १९४९ मध्ये जॉन वेनच्या छातीठोक देशभक्तीपासून निघालेले हे चित्रपट २००६ मध्ये क्लिंट ईस्टवूडपर्यंत येता येता शहाणे झाले, शत्रूही माणूसच असतो हे त्यांना उमगलं आणि ‘दोन्ही बाजू’ पडद्यावर आल्या. इथवर माझी तक्रार नाही. पण दोन्ही बाजू आल्या म्हणजे हिशेब पुरा झाला, हे काही पटत नाही. ज्यांच्या दारात ही लढाई झाली ते लोक कुठे आहेत?

जपानच्या इवो जिमाचंच घ्या. जेमतेम २१ चौरस किलोमीटरचं, काळ्या वाळूचं, गंधकाची वाफ ओकणारं बेट. १९४५च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये पाच आठवड्यांत इथे सुमारे ६,८०० अमेरिकन मेले आणि जवळपास २१ हजार जपानी सैनिकांपैकी फारच थोडे वाचले. सुरिबाची डोंगरावर झेंडा उभारणाऱ्या सहा जणांचं जो रोझेंथलने २३ फेब्रुवारीला टिपलेलं छायाचित्र ठाऊक नाही असा वाचक विरळाच. ‘सँड्स ऑफ इवो जिमा’मध्ये (१९४९) त्या छायाचित्रामुळे गाजलेले आयरा हेज, रेने गॅग्नन आणि जॉन ब्रॅडली स्वतः पडद्यावर आले. नायक जॉन वेन. खऱ्या युद्धात या गृहस्थांनी गणवेश चढवला नव्हता! पुढे २०१६ आणि २०१९ मध्ये मरीन कोअर या अमेरिकन सैन्यदलानेच जाहीर केलं की त्या छायाचित्रात ब्रॅडलीही नव्हते आणि गॅग्ननही नव्हते. ‘फ्लॅग्ज ऑफ अवर फादर्स’ (२००६) ब्रॅडलींच्याच कहाणीवर उभा आहे आणि एका छायाचित्राचा युद्धकर्जाचे रोखे खपवायला कसा वापर झाला, हाच त्याचा विषय. ही दुरुस्ती चित्रपटानंतर दहा वर्षांनी आली, पण तिने चित्रपट जुना न पडता उलट जास्त बोचरा झाला.

त्याच वर्षीचा ‘लेटर्स फ्रॉम इवो जिमा’ तर जपानी भाषेतच आहे. केन वातानाबेने साकारलेले जनरल कुरिबायाशी तरुणपणी अमेरिकेत राहून आलेले, तिथून मुलाला चित्रं काढून पत्रं पाठवणारे. किनाऱ्यावर छाती काढून मरण्यापेक्षा डोंगराच्या पोटात बोगदे खणून झुंजायचं, हा त्यांचा डाव. सोबत बॅरन निशी, १९३२च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकमध्ये घोडेस्वारीचं सुवर्णपदक मिळवलेला माणूस. जखमी अमेरिकन पोराजवळ त्याच्या आईचं पत्र सापडतं आणि निशी ते आपल्या शिपायांना जपानीत वाचून दाखवतो, हा प्रसंग ज्याने पाहिला तो विसरणार नाही. आईने लिहिलंय काय, तर घरच्या साध्यासुध्या गोष्टी. ऐकणाऱ्या शिपायांचे चेहरे बघा. आपल्या लेखकाने या प्रसंगाला दोन परिच्छेद दिले, ते योग्यच.

पण या बेटावर गावं होती. सुमारे हजार माणसं राहत होती, ऊस पिकवत होती, गंधक काढत होती. १९४४च्या उन्हाळ्यात त्यांना बोटींत घालून मुख्य भूमीवर नेलं, आणि शंभरेक पुरुषांना सैन्याच्या हाताखाली राबायला मागे ठेवलं. त्यातले बहुतेक लढाईत गेले. १९६८ मध्ये अमेरिकेने बेट जपानला परत केलं, तरी गावकरी परतले नाहीत. तिथे आज जपानचा लष्करी तळ आहे आणि जुन्या रहिवाशांच्या वंशजांना पूर्वजांच्या कबरींचं दर्शन घ्यायला परवानगी काढून जावं लागतं. महाराष्ट्रात धरणग्रस्तांच्या चार पिढ्या पाहिलेल्या वाचकाला यातलं दुःख वेगळं समजावून सांगायला नको. ईस्टवूडच्या दोन चित्रपटांची लांबी मिळून साडेचार तासांच्या घरात जाते. त्यात या लोकांच्या वाट्याला काय आलं, ते चित्रपट पुन्हा लावून मोजून बघावं.

ओकिनावाची गत याहून वाईट. मेल गिब्सनचा ‘हॅकसॉ रिज’ (२०१६) मला आवडतो, हे आधीच सांगतो. बंदूक हाती न धरता कड्यावरून एकेक जखमी दोराने खाली सोडणारा डेस्मंड डॉस खराखुरा माणूस होता. ७५ जणांना वाचवल्याचं श्रेय त्याला दिलं जातं आणि त्याबद्दल त्याला अमेरिकेचं सर्वोच्च शौर्यपदक मिळालं. पण चित्रीकरण ऑस्ट्रेलियात झालं आणि ओकिनावाचा सामान्य माणूस त्यात जवळजवळ दिसतच नाही. एप्रिल ते जून १९४५ या काळात त्या बेटावर मेलेल्या नागरिकांची संख्या एक लाखाच्या आसपास किंवा वरच धरली जाते. आपल्याच लष्कराच्या हुकमाने गुहांतल्या इस्पितळांत शुश्रूषेला जुंपलेल्या आणि शेवटी ‘आता तुमचं तुम्ही पाहा’ म्हणून तोफांच्या माऱ्यात बाहेर काढलेल्या हिमेयुरी पथकातल्या शाळकरी मुलींवर जपानमध्ये १९५३ मध्येच चित्रपट निघाला, तादाशी इमाई यांचा. आढाव्यात त्याचा उल्लेखही नाही. लेख हॉलिवूडपुरताच होता असं कोणी म्हणेल, पण मग ‘दोन्ही बाजू’ हा शब्दप्रयोग जरा जपून करायला हवा होता.

टॉम हँक्स आणि स्टीव्हन स्पीलबर्ग यांची ‘द पॅसिफिक’ (२०१०) ही मालिका इथे अपवाद. तिच्या नवव्या भागात यूजीन स्लेज एका मोडक्या झोपडीत शिरतो. आत एक बाई मरणाच्या दारात पडलेली. ती त्याच्या बंदुकीची नळी धरून स्वतःच्या कपाळाला लावते. तो बंदूक बाजूला घेतो आणि तिचा जीव जाईपर्यंत तिला धरून बसतो. आधीच्या भागांत हा पोरगा हळूहळू दगड होत चाललेला आपण पाहिलेला असतो, म्हणून हा प्रसंग अंगावर येतो. आणि नेमकी हीच मालिका लेखात एका ओळीत उरकली आहे.

याबाबतीत सगळ्यांच्या पुढे कोण, असं विचाराल तर मी टेरेन्स मॅलिकचं नाव घेईन. ‘द थिन रेड लाइन’ (१९९८) त्याच वर्षीच्या ‘सेव्हिंग प्रायव्हेट रायन’च्या झगमगाटात झाकला गेला. ऑस्करची सात नामांकनं मिळाली, हाती एकही आलं नाही. (बर्लिन महोत्सवाचं सर्वोच्च पारितोषिक, सुवर्ण अस्वल, मात्र मिळालं.) ग्वाडालकनालवर अमेरिकन तुकडी जीव मुठीत धरून बेटाच्या आत शिरते आहे. समोरून एक म्हातारा मेलानेशियन, म्हणजे तिथलाच मूळ रहिवासी, येतो. थांबत नाही, बिचकत नाही, या शिपायांकडे मान वळवूनही पाहत नाही. त्यांच्या रांगेला लागून चालत निघून जातो. शिपाई मात्र वळून वळून बघतात. काही सेकंदांचा प्रसंग, संवाद एक नाही. घर कोणाचं आणि आगंतुक कोण, हे त्यात आलं. पुढे नायक विट त्याच्या आवडत्या गावात परत जातो तर तिथे भांडणं, आजारपण, आणि पोरं त्याला पाहून मागे सरकतात. युद्ध त्याच्याआधीच तिथे पोचलेलं असतं.

सगळ्यांनी मॅलिक व्हावं असं माझं म्हणणं नाही. जॉन बुरमनच्या ‘हेल इन द पॅसिफिक’मध्ये (१९६८) पात्रंच दोन, एक अमेरिकन, एक जपानी, आणि बेट निर्मनुष्य. एकाची भाषा दुसऱ्याला कळत नाही आणि भांडण कशावरून, तर पिण्याच्या पाण्यावरून. ली मार्व्हिन स्वतः १९४४ मध्ये सायपानला जखमी झालेला मरीन, तोशिरो मिफुने जपानी लष्करात राहून आलेला. तिथे बेट ओसाड असणं ही गोष्टीची गरज आहे. मोठ्या लढाईच्या चित्रपटाला मात्र ही सबब चालत नाही.

कथा नाहीत म्हणून येत नाहीत, असंही नाही. अमेरिकनांसाठी टेहळणी करणारा ग्वाडालकनालचा जेकब वौझा ऑगस्ट १९४२ मध्ये जपान्यांच्या हाती सापडला. त्यांनी त्याला झाडाला बांधून संगिनींनी भोसकलं, त्याने तोंड उघडलं नाही. मेला समजून ते निघून गेल्यावर दोर तोडून तो रक्तबंबाळ अवस्थेत अमेरिकन फळीपर्यंत पोचला आणि हल्ला येतोय ही खबर दिली. जॉन केनेडींची बोट बुडाल्यावर नारळाच्या करवंटीवर कोरलेला त्यांचा निरोप शत्रूच्या पाण्यातून होडीने पोचवला तो बिउकु गासा आणि एरोनी कुमाना या सॉलोमन बेटांवरच्या दोघांनी. ‘पीटी १०९’ (१९६३) हा चित्रपट निघाला तो अर्थातच केनेडींवर. सॉलोमनचे हजारो पुरुष मजूर पलटणीत अमेरिकनांसाठी ओझी वाहत होते. तिथे त्यांनी गोऱ्यांसारख्याच गणवेशातले काळे अमेरिकन सैनिक पाहिले आणि युद्ध संपता संपता मलैता बेटावर ‘मासिना रुरू’ ही स्वराज्याची चळवळ उभी राहिली. तिथे राज्य करणाऱ्या ब्रिटिशांनी पुढाऱ्यांना तुरुंगात टाकलं. स्वराज्य मागणाऱ्याला तुरुंगात घातल्याच्या गोष्टी आपण शाळेपासून ऐकत आलो, ही मात्र आपल्यापर्यंत पोचली नाही.

आणि आपलेही लोक तिथे होते. फेब्रुवारी १९४२ मध्ये सिंगापूर पडल्यावर कैद झालेल्या हिंदी सैनिकांपैकी हजारोंना जपान्यांनी न्यू गिनी आणि न्यू ब्रिटनला मजुरीसाठी नेलं. उपासमारीने आणि रोगाने त्यांतले कितीतरी तिथेच संपले. पॅसिफिकमधल्याच टारावा बेटाची लढाई तर कोरियन मजुरांच्या घामाने बांधलेल्या तटबंदीवर झाली. तिथे अमेरिकनांच्या हाती जिवंत लागलेल्यांत जपानी सैनिक १७ आणि कोरियन १२९. त्या लढाईवरचा ‘विथ द मरीन्स ॲट टारावा’ हा ऑस्करविजेता माहितीपट पाण्यावर तरंगणारी अमेरिकन प्रेतं दाखवतो. ती दाखवायची की नाही हे राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांना विचारून ठरलं, हे सगळे सांगतात. त्या कोरियनांबद्दल कोणी विचारत नाही.

लेखाच्या शेवटी ‘क्रमशः’ असं छापलं आहे. पुढच्या भागात ‘हिमेयुरी’ला आणि कोन इचिकावा यांच्या ‘फायर्स ऑन द प्लेन’ला (१९५९) जागा द्यावी, ही विनंती. लेयते बेटावर भुकेने सैरभैर झालेला जपानी शिपाई एका फिलिपिनो तरुणीला गोळी घालतो आणि मग त्याला त्या घराच्या जमिनीखाली मीठ सापडतं. तो मीठ पिशवीत भरून घेतो आणि चालू लागतो. आपल्याच शिपायाला, तोही नायक, असा दाखवणारा दिग्दर्शक युद्ध हरलेल्या देशातला होता.

आपला,
एक वाचक, चिंचवड

ता. क. : लेखात पर्ल हार्बरच्या हल्ल्यावरच्या ‘तोरा! तोरा! तोरा!’च्या (१९७०) जपानी भागाचं दिग्दर्शन अकिरा कुरोसावा यांच्या नावावर आहे. कुरोसावांनी पटकथेवर काम केलं आणि चित्रीकरणही सुरू केलं होतं, पण निर्मात्यांनी त्यांना दूर केलं. पडद्यावर दिसतो तो जपानी भाग तोशिओ मासुदा आणि किंजी फुकासाकू यांचा.