धुराडी पाडणारा फ्रेड

संपादक साहेब,
रविवारच्या पुरवणीत इंग्लंडच्या कापडगिरण्यांवर वाचलं, छान होतं, पण बोल्टनच्या फ्रेड डिबनाचं नावच नाही! १९३८ चा जन्म, मूळचा सुतार, नंतर शिड्या बांधून गिरण्यांची धुराडी दुरुस्त करायचा आणि गिरण्या बंद पडल्यावर तीच पाडायचं काम त्याच्याकडे आलं. सुरुंग नाही, खालच्या विटा काढत काढत तिथे लाकडी टेकू ठोकायचे, मग टेकूंनाच आग लावायची, ते जळले की धुराडं आडवं. डोक्यावर साधी कापडी टोपी, हेल्मेट कुठलं! घरामागे जुना वाफेचा रोडरोलर पण स्वतःच दुरुस्त केला. १९७९ मध्ये बीबीसीने दाखवलं म्हणून लोकांना कळला. आमच्या लालबागची धुराडी कोणी पाडली, एकाचं तरी नाव छापा की.
– एक वाचक, लालबाग