आत आता कुणी राहिलंय का?

तीर्थरूप आई-बाबांस,
साष्टांग नमस्कार.

इकडे आम्ही सगळे खुशाल. नातवाची सहामाही संपली. आई, गुडघ्याचं तेल पाठवलंय. कुरियरवाला आला की जिना उतरून जाऊ नकोस, त्यालाच वर बोलाव.

पत्र लिहितेय ते बाबांच्या गोष्टीसाठी. फोनवर हे बोलणं होत नाही. बाबा "बरं, बरं" म्हणतात आणि फोन तुझ्याकडे देतात.

गेल्या आठवड्यात तुमच्या नातवाला झोपताना खणखणपूरची गोष्ट सांगायला घेतली. मला आठवते तशी लिहिते. बाबा, चुकलं असेल तिथं दुरुस्त करा.

खणखणपुरात चावडीपुढं एक घंटा. दोरी एकदा ओढली की वेळ थांबायची, दोनदा ओढली की सुरू. एसटीतली सिंगल बेल, डबल बेल. दोरी ओढणारा आणि त्याच्या हातात जे असेल ते सोडून बाकी सगळं जिथल्या तिथं. चुलीचा धूर काठीसारखा उभा. कलत्या तांब्यातून पडणारं पाणी काचेच्या कांडीसारखं लोंबलेलं, खाली टेकलेलं नाही. वटवाघूळ पंख पसरून हवेत, त्याच्याखालून वाकून जावं लागायचं.

ही गोष्ट तुम्ही कधी सुरू केलीत ते मी विसरलेली नाही. ३० सप्टेंबर १९९३ च्या भूकंपानंतर. आदल्या दिवशी गणपती बोळवले होते आणि पहाटे ३ वाजून ५६ मिनिटांनी जमीन हलली. बार्शीत आपल्या घरातली नुसती मांडणीवरची भांडी पडली. बाबा, तुम्ही मदतीच्या गाडीवर किल्लारीच्या बाजूला गेलात ते तिसऱ्या दिवशी परतलात. आईनं ताट वाढलं, ते तसंच राहिलं. तिथं काय पाहिलंत ते तुम्ही आजवर बोलला नाहीत. मोठी झाल्यावर मी वाचलं. मातीत रचलेल्या दगडांच्या जाड भिंती, वर माळवदाच्या मातीचं ओझं, आणि ते सगळं झोपलेल्या माणसांच्या अंगावर आलं. हजारो माणसं गेली.

तेव्हा अख्खी आळी मैदानात झोपायची. तुम्ही परत आल्यावर दुसऱ्या रात्री गोधडीवर बसून आम्हा पोरांना सांगायला लागलात, खणखणपूरची जमीन हलली. घंटेवाल्याची पोर जागी होती. तिनं भिंती कलताना पाहिल्या आणि धावत जाऊन दोरी ओढली. एकदाच.

पडती भिंत हवेत थांबली. दगड एकमेकांपासून सुटलेले, मधून हात जाईल एवढी फट. धूळसुद्धा थांबलेली. मग ती पोर कंदील घेऊन एकेका घरात शिरायची, झोपलेलं माणूस हातगाडीवर घालायची, माळावर नेऊन अंगावर पांघरूण टाकायची आणि पुन्हा आत. रोज रात्री तुम्ही कंडक्टरनं वेबिल, म्हणजे तिकिटांच्या हिशेबाचा कागद, वाचावा तसा हिशेब द्यायचात, "आज अकरा. त्यात दोन लेकरं." तो आकडा ऐकला की आम्हाला झोप लागायची.

आई, तू एकदा अंधारातूनच विचारलंस, "आणि कुणाचं दूध चुलीवर असलं तर?" बाबांनी तिथल्या तिथं एक म्हातारी उभी केली, बाळंतिणीसाठी पहाटे दूध तापवणारी. साय फुगून पातेल्याच्या काठावर आलेली, एका बाजूला थेंब ओघळायच्या बेतात. तो थेंब मला अजून दिसतो. म्हातारीचं घर गावाच्या पार टोकाला, म्हणून ती शेवटी राहिली.

पुढं आपण घरात झोपायला लागलो. पाचवीत गेल्यावर मीच म्हणाले, मला आता असल्या गोष्टी नकोत. बाबा, तुम्ही ती पुन्हा काढली नाहीत. तेव्हा तसं बोलले याचं मला आज फार वाईट वाटतं.

नातवानं विचारलं, वेळ थांबली तर उजेडही थांबेल, मग तिला दिसतं कसं? प्रश्न बरोबर आहे. उजेड सेकंदाला सुमारे ३ लाख किलोमीटर धावतो, पण तो थांबला तर डोळ्यापर्यंत काहीच पोचणार नाही, सगळा काळोख. मी गप्प झाले आणि मग कंदील आठवला. तो तिच्या हातात होता. बाबा, तुम्ही हा विचार आधीच केला होता.

पण "ती डबल बेल का देत नाही?" याला मला उत्तर देता आलं नाही. वेळ सुरू झाली की भिंती पडणार.

आजी भागवतातली रेवतीची गोष्ट सांगायची. तिचे वडील तिला घेऊन ब्रह्मलोकी गेले, गाणं संपेपर्यंत जरा थांबले, तेवढ्यात खाली २७ चतुर्युगं उलटली, ओळखीचं कुणी उरलं नाही. खणखणपुरात उलटं. सगळे तसेच राहिले आणि गाडी ओढणाऱ्या पोरीचे केस पांढरे झाले. परवा व्हिडिओ कॉलवर तुम्ही खिडकीपाशी बसला होतात, हात मांडीवर, बोलत नव्हता. मला ती पोर आठवली.

बाबा, ३० वर्षं उलटून गेली. आत आता कुणी राहिलंय का? राहिलं असेल तर सांगा, मी येते हातगाडीला हात लावायला. माळवदाखाली तुम्ही जे पाहिलंत तेही सांगा, मी ऐकेन. आणि सगळे निघाले असतील तर पडू देत त्या भिंती.

दिवाळीला दोघं इकडे पुण्याला या. पंचाहत्तरीपुढं बाबांना एसटी मोफत, आईला अर्धं तिकीट. आधार कार्ड विसरू नका. नातवानं सायकलची घंटा काढून उशाशी ठेवली आहे, आजोबाच वाजवणार म्हणतो.

वाजवण्याआधी म्हातारीचं पातेलं तेवढं खाली उतरवून ठेवा.

तुमची लेक