लाइफ, जीव आणि बदुकु

खानापूर

चि. मनूस अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर म्हणालीस, "बाबा, या नोकरीत मला लाइफच उरली नाही." त्रासाचं आपण बोललोच. पण मी जन्माचा मास्तर. फोन ठेवल्यावर त्या शब्दापाशीच अडलो.

गंमत अशी, की 'लाइफ'च्या मुळाशी उरणंच आहे. जुन्या इंग्रजीत तो 'लीफ'. त्याचं मूळ चिकटणे, टिकून राहणे या अर्थाच्या धातूत. जर्मनमध्ये राहणे म्हणजे 'ब्लायबन', तोही त्याच घरचा. आणि संस्कृतातला 'लिप्'सुद्धा! म्हणजे आजी चूल लिंपायची ते लिंपणं आणि तुमची बेंगळुरूची लाइफ चुलत भावंडं. आजीला हे सांगितलं असतं तर शेणाचा हात तिने कपाळाला लावून घेतला असता.

आपलं 'जीवन' वेगळ्या कुळातलं. लॅटिन 'वीवुस', ग्रीक 'बिओस' (बायॉलॉजीतला बायो) आणि फारसीतून आलेली जिंदगी, सगळी त्याच गोतावळ्यातली. इंग्रजीत या कुळाचा 'क्विक' राहिलाय. पूर्वी त्याचा अर्थ जिवंत, आता नुसता झटपट. तुझ्या साहेबांना तोच प्रिय दिसतो.

अमरकोशात 'जीवन' हे पाण्याचंही नाव आहे. मलप्रभा आपल्याच तालुक्यात, कणकुंबीला उगम पावते. त्यामुळे हा अर्थ आपल्याला कुणी शिकवायला नको.

'आयुष्य' मात्र मोजायचं. ते वाढतं, सरतं. इंग्रजी 'एज' त्याचा लांबचा नातलग. जीव मोजता येत नाही. तो जातो, टांगणीला लागतो, आणि मराठीत लावताही येतो. लिंपण्याच्या मी जवळ आलो बघ पुन्हा, पण हे नातं फक्त अर्थाचं, कुळाचं नाही.

मला स्वतःला कन्नडातला 'बदुकु' आवडतो. त्यात जगणं आलं आणि पोटापाण्याचा उद्योगही आला, दोन्ही एकाच शब्दात. 'बाळु' म्हणजेही जगणंच. आपल्या कानाला ते कुणा बाळूला हाक मारल्यासारखं वाटतं, ते सोड.

आईचं म्हणणं एवढंच, की सोडायची तर सोड, पण दुसरी हातात आल्यावर. माझंही तेच. गणपतीची रजा आत्ताच टाकून ठेव, मागून गाडीचं तिकीट मिळत नाही.

तुझे बाबा