वारसाहक्क आणि कर्तबगारी

महोदय,

घराण्याच्या मालकीच्या वाहिन्यांविषयी बोलताना आपण वारसाला सहज नावे ठेवतो; पण मेक्सिकोतील 'तेलेविसा' या स्पॅनिश भाषेतील दूरचित्रवाणी समूहाचे उदाहरण मला अधिक विचार करण्यासारखे वाटते. या समूहाचे वारस एमिलिओ अस्कार्रागा जाँ यांच्या आजोबांनी 1930 मध्ये रेडिओ केंद्र सुरू केले. वडील स्वतःला सत्ताधारी पक्षाचा सैनिक उघडपणे म्हणवून घेत. 1997 च्या एप्रिलमध्ये वडील वारले, तेव्हा एमिलिओ अवघे 29 वर्षांचे होते आणि त्यांच्या वाट्याला वैभवाबरोबर कर्जाचा डोंगरही आला. खर्चाला कात्री लावून त्यांनी कंपनी सावरली, हे मान्य करायलाच हवे, जरी त्या कात्रीखाली अनेकांच्या नोकऱ्या गेल्या, याचे मला मनापासून वाईट वाटते. मला सर्वाधिक भावला तो 2017 मधील निर्णय: मुख्य कार्यकारी पद त्यांनी घराण्याबाहेरच्या दोन सहकाऱ्यांकडे सोपवले. अध्यक्षपद मात्र स्वतःकडेच ठेवले; म्हणूनच, सूत्रे खरोखर कितपत सुटली, हा प्रश्न मला रास्त वाटतो.

आपला,
एक वाचक