लुझिराच्या केसेससाठी गाडीभाडं हवंय

नमस्कार मंडळी, गणपतीची वर्गणी सगळ्यांनी दिलीत, कंपालातल्या आपल्या मंडळाचा हिशोब पण ग्रुपवर टाकून झाला. आज वेगळ्या कामासाठी हात पसरतोय आणि आडपडदा न ठेवता सांगतो, फाशीची शिक्षा झालेल्या कैद्यांच्या केसेससाठी पैसे हवेत.

"आपण इथे पोटापाण्यासाठी आलोय, कशाला त्या भानगडीत पडायचं" असं कमिटीच्या मिटिंगमध्ये पण दोघातिघांनी म्हटलं. त्यांची काळजी कळते, पण लुझिराचं जेल काही लांब नाही हो, पोर्ट बेलला लेकवर पोरांना घेऊन जातो तेव्हा त्याच बाजूने जातो आपण. त्याच जेलमध्ये एप्रिल १९९९ मध्ये २८ जणांना फासावर चढवलं होतं. तेव्हा खून सिद्ध झाला की फाशी ठरलेली, कुठल्या परिस्थितीत घडलं हे विचारायची जजला मुभाच नव्हती. मग फाशीची शिक्षा झालेली सुझन किगुला आणि तिच्यासोबत ४१७ कैदी कोर्टात गेले आणि २१ जानेवारी २००९ ला युगांडाच्या सुप्रीम कोर्टाने सांगितलं की अशी सक्तीची फाशी घटनेत बसत नाही, आणि वरच्या कोर्टाने शिक्षा कायम केल्यावर तीन वर्षांत दिली नाही तर ती जन्मठेप धरायची. (आपल्याकडे भारतात १९८३ मध्ये मिठू सिंगच्या केसमध्ये सक्तीच्या फाशीचं कलम ३०३ गेलं ना, साधारण तसंच.) सुझनला नव्याने २० वर्षं झाली, २०१६ मध्ये ती सुटली, आणि तोवर जेलमध्ये बसून लंडन युनिव्हर्सिटीचा कायद्याचा अभ्यास करत होती ही बाई!

पण निकाल लागला म्हणजे काम झालं असं नाही ना. जजने परिस्थिती बघायची म्हणजे ती कोणीतरी कोर्टासमोर आणायला पाहिजे, आणि कैद्याचं गाव कुठेतरी दोनशे किलोमीटरवर. स्टेट ब्रीफवर सरकार जो वकील देतं त्याला फी इतकी कमी की खिशातून भाडं घालून तो गावाला जाणार कसा. आम्ही ज्या तरुण वकील बाईंना मदत करतोय त्यांच्यासोबत मागे मसाकाच्या पुढे एका गावात गेलो होतो, आधी टॅक्सी मग बोडा (भाड्याची मोटरसायकल) मग चिखलातून पायी. केळीच्या बागेत घर, म्हाताऱ्या आईने ट्रंकेतून साखरेच्या पिशवीत गुंडाळलेलं चर्चचं बाप्तिस्म्याचं कार्ड काढलं, कडा उंदराने कुरतडलेल्या पण तारीख वाचता येत होती. गुन्हा घडला तेव्हा पोरगा सतरा वर्षांचा होता. अठराच्या खालच्याला इथे फाशी देताच येत नाही! इतकी वर्षं ते कार्ड त्या ट्रंकेत पडून होतं, कोणी विचारायलाच आलं नव्हतं.

ज्यांच्या घरातलं माणूस गेलं त्यांचं काय, हे पण विचारलं गेलं आणि विचारायलाच हवं. आम्ही कोणाला सोडा म्हणत नाहीये, शिक्षा होऊ दे, जीव घेऊ नका एवढंच. आणि हे काही अशक्य नाही, सिएरा लिओनने २०२१ ला फाशी काढली, झांबियाने २०२२ ला, झिम्बाब्वेने २०२४ च्या शेवटच्या दिवशी, आणि घानाच्या संसदेने २०२३ ला बहुतेक गुन्ह्यांसाठी ती काढायच्या बाजूने मत दिलं. आपल्या युगांडात मात्र अजून पुस्तकात आहे, उलट २०२३ च्या समलैंगिकतेविरोधी कायद्यात फाशीचं नवीन कलम घातलंय, वाचून फार वाईट वाटलं.

तर फूल ना फुलाची पाकळी, दहा हजार शिलिंग दिलेत तरी एखाद्या फेरीच्या बोडाचं भागेल. पैसे फक्त प्रवास, झेरॉक्स, गावच्या एलसी वन चेअरमनच्या (गावसमितीच्या प्रमुखाच्या) पत्राची धावपळ आणि दुभाषा यासाठीच वापरणार, प्रत्येक पावतीचा फोटो ग्रुपवर येईल. ज्यांना पैसे जमत नाहीत त्यांनी वेळ द्या. आपली बरीच पोरं लुगांडा फाडफाड बोलतात, कॉलेजातली असतील तर पाठवा. कायद्याची जुनी पुस्तकं कोणाकडे असली तर ती पण चालतील, आत शिकणारे आहेत.

रविवारी मराठी शाळा सुटली की गेटजवळ टेबल लावतोय, खजिनदार तिथेच असतील, पावती घेतल्याशिवाय जाऊ नका. पुढची फेरी परत मसाकाच्याच बाजूला आहे, महिनाअखेरीला, कोणाची उंच चाकांची गाडी एक दिवस मिळाली तर त्या चिखलाच्या रस्त्याला फार उपयोग होईल.