आधी पट्टी, मग बॅग

महोदय,

बॉक्सिंगच्या उन्हाळी शिबिरांत नवख्यांना पहिल्याच दिवशी पंचिंग बॅगवर सोडले, की मनगटे दुखावणारच. साडेचार मीटरची कापडी पट्टी हाताला बोटे फाकवून बांधावी: मनगटाला तीन वेढे, बोटांच्या मुळाशी असलेल्या हाडांवर तीन, उरलेली अंगठ्याभोवती आणि पुन्हा मनगटाला. बोटे बधिर झाली तर सोडून नव्याने. अंगठा मुठीबाहेरच, आत दडपला तर मोडण्याची भीती.

उजव्या हाताच्या खेळाडूचा डावा पाय पुढे, उजवी टाच किंचित उचललेली. जॅब, म्हणजे पुढच्या हाताचा सरळ ठोसा, मारताना कोपर बाहेर फाकले, की ठोसा तिरका बसतो आणि मनगट मुडपते. ठोसा तर्जनी-मध्यमेच्या मुळाशी असलेल्या हाडांनी बसावा. हात गेला त्याच वाटेने गालाशी परत यावा. बहुतेकांचा कमरेशी लोंबकळतो!

सुरुवातीला आरशापुढे दोन-दोन मिनिटांच्या फेऱ्या पुरेत. महागडे ग्लोव्हज नंतर घेता येतील.

– एक बॉक्सिंग प्रशिक्षक