कमल बस्तीतल्या अण्णांना

जय जिनेंद्र, अण्णा.

तुमचं नाव विचारायचं राहूनच गेलं. पांढरा सदरा, टोपी, खांद्याला कापडी पिशवी, एवढ्यावर बेळगावात माणूस कसा शोधायचा? म्हणून हे पत्र असं सगळ्यांसमोर लिहितेय. कुणी ओळखीचं वाचेल आणि तुमच्यापर्यंत पोचवेल, अशी आशा आहे.

दिवाळीनंतरच्या सोमवारी किल्ल्यातल्या कमल बस्तीत, म्हणजे तिथल्या जुन्या जैन मंदिरात, निपाणीची एक म्हातारी आणि तिची नात आली होती, आठवतंय का? आजीचं माहेर भोज, आचार्य शांतिसागर महाराजांचं गाव. लग्न होऊन निपाणीला आली. साठ वर्षं इथं काढली, पण बेळगावची कमल बस्ती बघायची राहिली होती. ‘आज जाऊ, उद्या जाऊ’ करता करता मानेचे मणके झिजले. आता तिची मान खाली वळते, वर होत नाही.

हे मला माहीत होतं. तरीही नेताना डोक्यात आलं नाही, की त्या बस्तीत बघायचं ते सगळं वरच आहे.

सकाळच्या बसनं निघालो. तवंदी घाटात स्तवनिधीच्या पार्श्वनाथाला आजीनं खिडकीतूनच हात जोडले. बेळगावात उतरून रिक्षानं किल्ल्यात आलो. गाभाऱ्यातल्या नेमिनाथांचं दर्शन मात्र चांगलं झालं. काळ्या पाषाणाची, पद्मासनातली ती मूर्ती समोरच असते, त्यामुळं मान उचलावी लागली नाही. आजी कितीतरी वेळ उभी होती. नेमिनाथ तिचे लाडके. लग्नाच्या वरातीत निघालेला नवरदेव, मेजवानीसाठी कोंडलेली हरणं बघतो आणि रथ माघारी वळवून गिरनारची वाट धरतो, ही गोष्ट तिनं आम्हा सगळ्या नातवंडांना झोपताना सांगितलीय. त्या दिवशी तिनं मूर्तीसमोर ती पुटपुटत पुन्हा एकदा सांगितली. कुणाला, ते मला कळलं नाही.

मग मंडपात आलो. बाकीची माणसं वर बघत होती, ‘बघ, बघ’ म्हणत होती, आणि आजी खाली फरशीकडं बघत उभी. मी तिच्या हनुवटीला हात लावून बघितला तर ती कळवळली. “ऱ्हाऊ दे गं. मान वर हुईना. तू बघ आणि मला सांग, मी ऐकतो,” म्हणाली. माझ्या घशात आवंढा आला. एवढ्या लांब आणून काय केलं मी?

तुम्ही तेव्हा खांबाजवळ जप करत बसला होता. माळ थांबवून उठलात. पिशवीतून गंध लावायचा छोटा आरसा काढलात, निळ्या प्लास्टिकच्या चौकटीचा, एका कोपऱ्याला चीर गेलेला. तो आजीच्या तळहातावर ठेवलात आणि मला म्हणालात, “ताई, मोबाइलची बॅटरी वर मारा.”

मी उजेड वर टाकला आणि छताचं कमळ आजीच्या ओंजळीत आलं.

ती काही बोललीच नाही. आरसा तिच्या हातात थरथरत होता, पाकळ्या हलत होत्या. तुम्ही खालून तिच्या मनगटाला आधार दिलात आणि एकेका पाकळीवर आरसा सरकवू लागलात. 72 पाकळ्या, 72 तीर्थंकर. भूतकाळातले 24, आताचे 24 आणि पुढं होणारे 24. आजीला आताच्या चोवीसांची नावं पाठ, रोजच म्हणते. मागच्या चोवीसांत पहिले निर्वाण आणि येणाऱ्यांत पहिले महापद्म, हे तुम्ही सांगितलंत. तिनं दोन्ही नावं तुमच्यामागून शाळकरी पोरीसारखी म्हटली. किती वेळ लागला असेल! माझा हात भरून आला होता, तुम्ही तर वाकूनच उभे होता. एकदाही ‘चला, झालं’ म्हणाला नाहीत.

नंतर कट्ट्यावर बसून तुम्ही जे सांगितलंत, तेही मी विसरलेले नाही. ही बस्ती 1204 सालची. सौंदत्तीच्या रट्टांनी आपली राजधानी वेणुग्रामला, म्हणजे आपल्या बेळगावला आणली. त्यांचा राजा चौथा कार्तवीर्य आणि त्याचा मंत्री बीचिराज. बीचिराजानंच ही बस्ती उभारली. त्या काळचे दोन शिलालेख आज लंडनच्या ब्रिटिश म्युझियममध्ये आहेत, हे ऐकून आजी हळहळली. “दगूड तिकडं आणि देव हिकडं,” म्हणाली. तुम्ही म्हणालात, “देव आहेत की आजी, आणखी काय पाहिजे?” आणि मग नेमिनाथांची मूर्ती जंगलात सापडली होती असं जुनी माणसं सांगतात, ते सांगितलंत. तेव्हा कुठं तिचा चेहरा निवळला.

निघताना मी आरसा परत द्यायला लागले, तर आजीनं तो आधी कपाळाला लावला. “दर्पण म्हंजे अष्टमंगलातलं एक. तुमी मला मंगल दाखवलासा,” एवढंच बोलली. तुम्ही पटकन तोंड फिरवलंत आणि माळ हातात घेतलीत. म्हणून तेव्हा धड आभारही मानता आले नाहीत.

तेच आज मानते, अण्णा. मनापासून. मी तिची सख्खी नात, पण मला जे सुचलं नाही ते तुम्हाला सुचलं.

आजी आता घरी येईल त्याला 72 पाकळ्या सांगते. शेजारच्या बायकांना आरसा धरून कसं बघायचं ते करूनही दाखवते. आणि मला रोज विचारते, “त्या अण्णास्नी जेवायला बोलिवलीस का न्हाई?”

तर हे आमंत्रण समजा. निपाणीला कधीही या. आजीच्या हातची ज्वारीची भाकरी आणि उसळ असेल. फक्त दिवस मावळायच्या आत पोचा, म्हणजे सगळे मिळून जेवायला बसू.

तुमची,
आरशावर उजेड धरणारी नात